हंस बघायला कुठल्या वेधशाळेत जावं, आणि कधी?

चिंचवडची_निशा
लेक नववीत आहे आणि सध्या तिला आकाशाचं वेड लागलंय. मोबाईलच्या अ‍ॅपमध्ये हंस तारकासमूह पाहिल्यापासून एकच धोशा: "हा मला खऱ्या मोठ्या दुर्बिणीतून बघायचाय." मी चौकशी केली. लोकांसाठीचे आकाशदर्शनाचे कार्यक्रम बहुतेक सगळीकडे दिवाळीच्या आसपास सुरू होतात आणि मेमध्ये गुंडाळतात. हंस रात्री जेवणाच्या वेळेला डोक्यावर असतो तो नेमका श्रावण-भाद्रपदात. तेव्हा आपल्याकडे आठ-आठ दिवस सूर्य दिसत नाही, तारे कुठले दिसायला!

तर प्रश्न असा, की पुण्या-मुंबईकडून जाता येईल अशी एखादी वेधशाळा आहे का, जिथे सामान्य माणसाला दुर्बिणीतून हंस दाखवतात? आणि महिना कुठला धरायचा? जाणकारांनी प्रकाश टाकावा.

अर्धवट_ज्ञानी
प्रकाश तेवढा टाकू नका हो, सगळा घोटाळा त्यानेच झालाय.

वांगणी_लोकल
वरच्याला +१ :)

निशाताई, आधी एक गोष्ट मुलीला सांगून ठेवा, नाहीतर तिथे जाऊन हिरमोड होईल. हंस दुर्बिणीत मावत नाही. शेपटीचा डेनेब ते चोचीचा अल्बिरिओ हे अंतर साधारण २२ अंश. हात लांब करून दोन मुठी एकावर एक ठेवल्या तर जेवढं होतं तेवढं. मोठ्या दुर्बिणीच्या नेत्रिकेत (जिथे डोळा लावतो ते भिंग) एक अंशसुद्धा आकाश येत नाही. म्हणजे जेवढी दुर्बीण मोठी तेवढा हंस गायब. पूर्ण पक्षी बघायला आपले दोन डोळेच लागतात.

दुर्बिणीचं काम त्यानंतर सुरू होतं. पहिला मान अल्बिरिओचा. नुसत्या डोळ्यांनी तिसऱ्या प्रतीचा एक साधा तारा (प्रत म्हणजे तेजाची पायरी, आकडा जितका मोठा तितका तारा मंद). पन्नास-साठ पट वर्धन दिलं की त्याचे दोन होतात, एक सोनेरी पिवळा, दुसरा निळा. मध्ये साधारण ३५ विकलांचं अंतर (३६०० विकला म्हणजे एक अंश), त्यामुळे अगदी छोट्या दुर्बिणीतही स्वच्छ सुटे दिसतात. रंग नीट दिसत नसतील तर फोकस किंचित बिघडवायचा. ताऱ्याच्या टिंबाची छोटी चकती होते आणि रंग एकदम उठून येतात. आमच्याकडे नवीन आलेल्या प्रत्येकाला हे करून दाखवतो. आतापर्यंत तरी "अय्या" न म्हणता कोणी नेत्रिकेवरून उठलेलं नाही, त्यात रिटायर्ड हवालदारही आले.

तर्कट_तात्या
मला एक कळत नाही. दोन ताऱ्यांसाठी एवढा प्रवास कशाला? वेधशाळेत जायचं म्हणजे रांग. पुढे पन्नास माणसं, प्रत्येकाला वीस सेकंद. मागून स्वयंसेवक "चला, पुढे चला", अगदी देवळात म्हणतात तसं. एका कार्यक्रमाला (नाव घेत नाही) आम्ही दीड तास उद्घाटनाची भाषणं ऐकली. वर हॅलोजन लावलेला, कारण पाहुण्यांना स्टेज दिसायला हवं. तोवर शनि निम्मा मावळला. त्यापेक्षा चांगली द्विनेत्री (दोन्ही डोळ्यांना लावायची छोटी दुर्बीण) घ्या, गावाबाहेर शेतात जा, पाठ टेकून पडा.

मीनल_के
तात्या, शेतात विंचू असतात.

तर्कट_तात्या
हो ना, वृश्चिक राशीचं दर्शन फुकट. हलके घ्या.

गोंयचो_भुरगो
पणजीला जुंता हाउसच्या गच्चीवर सार्वजनिक वेधशाळा होती, मी कॉलेजात असताना तिथे पडीक असायचो. हौशी मंडळी चालवायची, संध्याकाळी कोणीही जिना चढून वर जावं. भाषण नाही, तिकीट नाही. पावसाळ्यात मात्र बंद. निशाताईंचं गाऱ्हाणं तेच आमचं. गोव्यात जूनमध्ये पडदा पडतो तो नवरात्र उलटल्यावरच वर जातो.

पण तात्या, रांगेबद्दल मला वेगळं वाटतं. गच्चीवर माझ्यापुढे एक मासे विकणाऱ्या मावशी उभ्या होत्या, टोपली खाली जिन्याशी ठेवून आलेल्या. त्यांनी अल्बिरिओ पाहिला आणि दाखवणाऱ्याला विचारलं, "निळो तो गरम काय पिवळो?" भल्याभल्यांना सुचत नाही असा प्रश्न आहे हा. (निळा जास्त गरम.) शेतात एकट्याने पडून असे प्रश्न ऐकायला मिळत नाहीत.

वांगणी_लोकल
वा! मावशींना दंडवत.

गच्चीवरचा_गणपत
महिन्याबद्दल कोणीच बोललं नाही, म्हणून लिहितो. पुण्याच्या अक्षांशावरून (साडेअठरा अंश) हिशोब असा:

ऑक्टोबरच्या मध्यावर संध्याकाळी साडेसातला डेनेब त्याच्या सर्वांत उंच जागी असतो, उत्तरेकडे तोंड केलं तर क्षितिजापासून साधारण ६३ अंश. अल्बिरिओ त्याहून वर, जवळजवळ डोक्यावर. म्हणजे पावसाळा गेल्यावरही हंस हातचा गेलेला नसतो, फक्त अंधार पडल्या पडल्या बघावा लागतो. नोव्हेंबरच्या तिसऱ्या आठवड्यातही सव्वासातला डेनेब वायव्येला पन्नास अंशांच्या वर असतो. डिसेंबर अखेरीस मात्र क्षितिजाकडे झुकतो.

दुसरा मार्ग पहाटेचा. मेच्या मध्यावर पहाटे साडेचारला हंस ऑक्टोबरच्या संध्याकाळी असतो जवळपास तसाच, डोक्यापासून उत्तरेकडे पसरलेला असतो. शाळेला सुट्टी, पाऊस यायला अवकाश. अडचण एकच, नववीतल्या पोराला साडेचारला उठवणं.

चिंचवडची_निशा
नववीतलं पोर उठेल हो, पोराचा बाप उठणार नाही.

थेम्सकाठी
इथे लंडनला हंस ऑगस्टमध्ये अगदी डोक्यावर येतो, पण उन्हाळ्याच्या सुरुवातीला रात्र पुरती काळी होतच नाही, आणि नंतर ढग आहेतच. तेव्हा तुम्ही एकटे दुर्दैवी नाही. :)

डिसेंबरचा उल्लेख आला म्हणून: नाताळच्या सुमारास संध्याकाळी हंस वायव्य क्षितिजावर डोकं खाली करून उभा असतो आणि त्याचा सरळसोट क्रूस दिसतो. इकडचे लोक या समूहाला उत्तरेचा क्रूसही म्हणतात.

वसईकर_रॉनी
आमच्या किनाऱ्यावरून मी दर नाताळात हा क्रूस पोरांना दाखवतो. सरळसोट काही नाही, चांगलाच उजवीकडे कललेला असतो, वादळानंतरच्या होडीच्या डोलकाठीसारखा. दिसतो मात्र झकास. अल्बिरिओ समुद्राच्या वर चार बोटं, डेनेब वर उजवीकडे.

गच्चीवरचा_गणपत
दोघंही बरोबर. जितके उत्तरेला जाल तितका तो ताठ होत जातो. लंडन ५१ अंशांवर, वसई १९ वर. आपल्याकडे सगळेच तारे जास्त तिरके न होता खाली उतरतात, त्यामुळे मावळताना आकृतीचा कोन वेगळा पडतो.

एलए_वहिनी
आमच्याकडे ग्रिफिथ वेधशाळा आहे. १९३५ पासून लोकांसाठी फुकट. बारा इंची झाइसची दुर्बीण, रात्री आकाश निरभ्र असेल तर कोणीही रांगेत उभं राहावं. वेधशाळेचे लोक म्हणतात की जगात सर्वांत जास्त माणसांनी डोळा लावलेली दुर्बीण हीच. खाली लॉस एंजेलीसचा झगमगाट, त्यामुळे आकाशगंगा वगैरे विसरा. पण जोडतारा, चंद्र, शनि यांना शहराच्या उजेडाने फारसा फरक पडत नाही. अल्बिरिओ सुंदर दिसतो. सासूबाई भारतातून आल्या होत्या, त्यांना नेलं होतं. म्हणाल्या, "एवढंसंच?" मग घरी येऊन तीन दिवस शेजारणींना फोनवर तेच सांगत होत्या.

तर्कट_तात्या
वहिनी, तुमच्या सासूबाई माझ्या पार्टीत.

खोडदकर
माझं गाव आख्ख्या जगाला माहीत आहे, पण दुर्बिणीला डोळा लावायला आलेला माणूस इथे निराश होतो, कारण आमच्या दुर्बिणीला नेत्रिकाच नाही. जीएमआरटी, म्हणजे जायंट मीटरवेव्ह रेडिओ टेलिस्कोप. ४५ मीटर व्यासाच्या तीस तबकड्या. रेडिओ दुर्बीण असल्याने हिला ना ढग आडवे येत ना ऊन.

२८ फेब्रुवारीला विज्ञान दिनाच्या सुमारास इथे लोकांसाठी दारं उघडतात, जत्राच असते म्हणा. निशाताई, मुलीला सांगा, त्या दिवशी भर दुपारी बारा वाजता हंस आमच्या डोक्यावरून पश्चिमेकडे कललेला असतो. डोळ्यांना दिसत नाही, तबकडीला दिसतो. आणि हंसात रेडिओवाल्यांचा लाडका आहे, सिग्नस ए (सिग्नस हे हंसाचंच लॅटिन नाव). आकाशातल्या सर्वांत जोरकस रेडिओ स्रोतांपैकी एक, सत्तर कोटी प्रकाशवर्षांहून लांबची दीर्घिका, म्हणजे आपल्या आकाशगंगेसारखा ताऱ्यांचा प्रचंड समूह. १९३९ साली ग्रोट रेबर या माणसाने स्वतःच्या अंगणात बांधलेल्या तबकडीने हा स्रोत पहिल्यांदा टिपला.

पुढची गोष्ट आपल्याकडे फार कमी लोकांना माहीत आहे. हा स्रोत एक ठिपका नसून मध्ये दीर्घिका आणि दोन बाजूंना दोन प्रचंड फुगे, असा जोड आहे हे पहिल्यांदा दाखवलं जेनिसन आणि मृणाल कुमार दासगुप्ता यांनी, इंग्लंडमधल्या जोड्रेल बँक रेडिओ वेधशाळेत, १९५३ मध्ये. दासगुप्ता आपले बंगालचे. रेडिओ दीर्घिका म्हटल्या की आज जे चित्र डोळ्यापुढे येतं, त्याची सुरुवात तिथली.

मीनल_के
हे खरंच माहीत नव्हतं. खोडदकर, यावर वेगळा धागा काढा ना.

अर्धवट_ज्ञानी
हंसात कृष्णविवरपण आहे ना? हॉकिंगची पैज वगैरे?

वांगणी_लोकल
हो, सिग्नस एक्स-१. हंसाच्या मानेत, ईटा ताऱ्याच्या जवळ. १९७४ मध्ये स्टीफन हॉकिंग आणि किप थॉर्न या दोन भौतिकशास्त्रज्ञांची पैज लागली. हॉकिंगने पैज लावली की ते कृष्णविवर नाही. म्हणजे आयुष्यभराचं काम चुकलं तरी निदान पैज जिंकल्याचं समाधान. १९९० मध्ये हार मान्य केली. थॉर्नला बक्षीस म्हणून एका चावट मासिकाची वर्षभराची वर्गणी मिळाली, आणि त्यावर त्याच्या घरी काय झालं असेल ते या धाग्यात नको, मुलगी वाचते आहे.

विवर दिसत नाही अर्थात, पण ज्या राक्षसी निळ्या ताऱ्याभोवती ते आहे तो जवळपास नवव्या प्रतीचा आहे. साध्या दुर्बिणीत, बरा नकाशा घेऊन, सापडतो. एका ठिपक्याकडे बोट दाखवून "त्याच्या शेजारी विवर आहे" म्हणायची मजा वेगळीच. मोठ्या दुर्बिणी ज्यांच्याकडे आहेत ते हे दाखवायचा कंटाळा करतात, कारण दिसायला काहीच नाही. मला उलट वाटतं, दिसायला काही नसलं तरी माणूस नेत्रिकेवरून हलत नाही.

नागपूरची_संत्री
विदर्भाला कोणी विचारतच नाही. पेंच व्याघ्र प्रकल्प, महाराष्ट्राची बाजू, जानेवारी २०२४ मध्ये भारतातलं पहिलं डार्क स्काय पार्क म्हणून जाहीर झालं. आजूबाजूच्या गावांतले दिवे झाकले, खाली वळवले, तेव्हा कुठे झालं ते. पुण्याच्या आकाशात हंस म्हणजे पाच-सहा तारे. पेंचला गेलात तर हंसाच्या पाठीवरून आकाशगंगा वाहताना दिसते आणि डेनेबपासून पुढे तिची दोन भागांत फाळणी होते, मध्ये काळा पट्टा. तो पट्टा म्हणजे तारे नाहीत असं नव्हे, मध्ये धूळ आहे. हे एकदा पाहिलं की हंसाचं चित्र का काढलं असेल ते कळतं.

अर्धवट_ज्ञानी
नीरक्षीरविवेक! आकाशगंगेच्या दुधात उभा राहून दूध तेवढं पितोय. पुण्याच्या आकाशात सगळं पाणीच, बिचारा उपाशी.

थेम्सकाठी
खिक्क.

इतिहासाचार्य_छोटे
पुण्याचा विषय निघालाय तर एक जुनी हळहळ. पुण्याला एकेकाळी खरीखुरी मोठी वेधशाळा होती. महाराजा तख्तसिंगजी वेधशाळा, १८८८, कॉलेज ऑफ सायन्सच्या आवारात, भावनगरच्या महाराजांच्या देणगीतून. कावसजी नायगमवाला हे तिचे सर्वेसर्वा. वीस इंची ग्रब दुर्बीण, त्या काळी देशात तिच्या तोडीची नव्हती. १८९८ च्या खग्रास सूर्यग्रहणाला नायगमवाला जेऊरला तळ ठोकून होते. १९१२ मध्ये ते निवृत्त झाले आणि वेधशाळा बंद. सामान कोडाईकनालला गेलं. वीस इंची दुर्बीण आजही तिकडे भावनगर दुर्बीण म्हणून ओळखली जाते. एक माणूस निवृत्त झाला आणि आख्खी वेधशाळा गाडीत भरून गेली. पुण्याने चकार शब्द काढला का, ते शोधतोय.

तर्कट_तात्या
पुण्याने बहुतेक दुपारी एक ते चारमध्ये काढला असेल, कोणाला ऐकू गेला नाही.

इतिहासाचार्य_छोटे
तात्या :)) पण मग १९४४ मध्ये इथेच ज्योतिर्विद्या परिसंस्था उभी राहिली, हौशी लोकांची. देशातल्या सर्वांत जुन्या अशा संस्थांपैकी. आजही कार्यक्रम असतात. निशाताई, तुम्हाला चिंचवडहून सर्वांत जवळचं तेच. आणि जुन्नरकडे गिरवलीला आयुकाची (पुण्यातली खगोलशास्त्राची संशोधन संस्था) दोन मीटरची दुर्बीण आहे, पण ती संशोधनासाठी. तिथे जाऊन "जरा हंस दाखवता का" म्हणता येत नाही.

वांगणी_लोकल
आणि म्हटलं तरी त्यांच्या दुर्बिणीलाही नेत्रिका नाही, कॅमेरा असतो. व्यावसायिक वेधशाळा आणि लोकांची वेधशाळा हा फरक लोकांच्या डोक्यात बसायला हवा. जिथे दुर्बीण मोठी तिथे डोळा लावायला मिळत नाही, जिथे डोळा लावायला मिळतो तिथली दुर्बीण लहान. निशाताईंच्या लेकीने सहा-आठ इंची परावर्ती (आरशाच्या) दुर्बिणीवर समाधान मानावं. अल्बिरिओला ती भरपूर झाली.

लेह_ला_फिरलेला
पावसाळ्यातच हंस बघायचा असेल तर एकच उत्तर, लडाखमधलं हान्ले. पर्जन्यछायेचा प्रदेश आहे, पाऊस फारच कमी. तिथली दोन मीटरची 'हिमालयन चंद्रा' दुर्बीण (शास्त्रज्ञ चंद्रशेखर यांच्या नावाची) संशोधकांची, पण २०२२ मध्ये आजूबाजूचा भाग डार्क स्काय रिझर्व्ह झाला आणि गावकऱ्यांना छोट्या दुर्बिणी देऊन शिकवलं. सप्टेंबरात घरगुती मुक्कामाच्या अंगणात, शेकोटी विझवून, गावातल्या ताईने आम्हाला हंस दाखवला. हिंदीत, आणि काय आत्मविश्वासाने! तिने ६१ सिग्नी दाखवला आणि म्हणाली, याचं अंतर माणसाने ताऱ्यांमध्ये सगळ्यात आधी मोजलं. खरं आहे ते. जर्मन खगोलशास्त्रज्ञ बेसेलने १८३८ मध्ये मोजून जाहीर केलं, आजच्या आकड्यानुसार ११.४ प्रकाशवर्षं. पाचव्या प्रतीचा साधासा तारा आहे, कोणी ढुंकून बघणार नाही.

इशारा: उंची साडेचार हजार मीटरच्या आसपास. लेहला दोन-तीन दिवस अंगवळणी पाडल्याशिवाय जाऊ नका. परवाने लागतात. मुलीला घेऊन जाल तर डॉक्टरांना विचारून.

गच्चीवरचा_गणपत
हान्ले भारीच, पण निशाताईंनी पुण्या-मुंबईकडून विचारलंय. मी परत ऑक्टोबरवर येतो, कारण त्यात एक गोम आहे. चंद्र.

कोजागरीला लोक गच्चीवर जमतात, कोणीतरी दुर्बीण आणतं आणि हंस शोधायला लागतं. दूध आटवायला उत्तम रात्र, हंसाला सर्वांत वाईट. दिवाळीची अमावास्या खगोलवाल्यांना सोन्यासारखी वाटते, पण लक्ष्मीपूजनाला आकाशात धूर आणि रॉकेटं. मग उरतो तो मधला आठवडा. कोजागरीनंतरची संकष्टी घ्या. चंद्रोदय कॅलेंडरवर छापलेला असतो, आपल्याकडे साधारण साडेआठ-पावणेनऊ. अंधार पुरता पडतो सव्वासातनंतर. म्हणजे उपास सोडायच्या आधी तास-सव्वा तास काळं आकाश. पुढे रोज चंद्र आणखी उशिरा उगवतो, त्यामुळे वसुबारसेपर्यंत रोज जास्त वेळ. या आठवड्यात हंस डोक्यावर, पाऊस बहुतेक गेलेला, फटाके सुरू व्हायचेत.

दिवाळीनंतर त्रिपुरी पौर्णिमा झाली की कार्तिक वद्यात परत हाच डाव मिळतो. तेव्हा हंस थोडा कललेला, पण सार्वजनिक कार्यक्रम एव्हाना सुरू झालेले असतात.

मीनल_के
संकष्टीचा असा उपयोग पहिल्यांदा ऐकला. वाचनखूण साठवली.

आजी_ऑनलाइन
आम्ही चंद्र उगवायची वाट बघत गच्चीत उभ्या असायचो वर्षानुवर्षं. वर हंस होता हे कोणी सांगितलं नाही. आता मोदक कुकरला लावून वर जाईन.

तर्कट_तात्या
गणपतराव, हे मान्य. पण मग वेधशाळा कशाला? संकष्टीला मुळशीच्या पुढे गाडी घेऊन जायचं, द्विनेत्री घ्यायची.

गोंयचो_भुरगो
द्विनेत्रीत अल्बिरिओ सुटतो का, तात्या? हाताने धरलेल्या सात-पन्नासमध्ये (सात पट वर्धन, पन्नास मिलिमीटरचं भिंग) नाही. दहा पटीची असेल आणि तिवईवर घट्ट असेल तर जेमतेम. मुलीला मोठ्या दुर्बिणीतून बघायचंय, हे विसरू नका.

वांगणी_लोकल
आणि एक भर: ते सोनेरी-निळे दोघं खरंच एकमेकांभोवती फिरतात की नुसते एका रेषेत दिसतात, यावर बराच वाद होता. ताऱ्यांची अंतरं मोजणाऱ्या गाया उपग्रहाच्या मोजमापांनंतर बहुतेक ते एकमेकांशी बांधलेले नाहीत असंच दिसतंय. लेकीला हे आधी सांगू नका. आधी बघू दे.

चिंचवडची_निशा
सगळ्यांचे आभार. लेक मागे उभं राहून वाचत होती, आता सांगायचं काही उरलं नाही. :)

तिने ठरवलंय ते असं. कोजागरीनंतरच्या आठवड्यात मुळशीकडे, द्विनेत्री आणि पतंगाचा लाल कागद लावलेली बॅटरी घेऊन, आख्खा हंस डोळ्यांनी. मग त्रिपुरीनंतर सार्वजनिक कार्यक्रमात अल्बिरिओ, फोकस बिघडवून. आणि फेब्रुवारीत खोडद. मे महिन्याची पहाट तिने "बाबांसाठी" म्हणून राखून ठेवली आहे.

एक शंका: कार्यक्रमात फोकस बिघडवायला सांगितलं तर दाखवणारे रागावतात का? मागे रांग असते ना.

वांगणी_लोकल
स्वतः हात लावला तर रागावतील. विचारलंत तर आनंदाने बिघडवून देतील. रांगेच्या शेवटी उभे राहा, म्हणजे मागे कोणी नसतं.

तर्कट_तात्या
मुळशीला कुठल्या वारी जाताय? माझी दहा-पन्नास आहे, तिवईसकट. विंचवांचं मी बघतो.